एका वाडग्यातला कोरिया

‘ग्रेन बोल’ नावाचं एक प्रकरण हल्ली हॉटेलांच्या मेनूकार्डांवर आणि आरोग्यविषयक पुरवण्यांतून सारखं भेटतं. खोलगट वाडग्याच्या तळाशी कसलंतरी धान्य, त्यावर चार-पाच भाज्यांच्या वेगवेगळ्या राशी, मधोमध अंडं आणि वर लाल रंगाचा एक गोळा. त्यातल्या त्यात ‘कोरियन’ या विशेषणाला भलताच भाव आहे. २०२३ साली गुगलवर जगभरात सगळ्यात जास्त शोधली गेलेली पाककृती कोणती, तर बिबिम्बाप! हे सगळे वाडगे त्याच्याच वंशातले. मला स्वतःला हा पदार्थ आवडतो, घरी करतोही. पण त्याहून जास्त आवडतो तो त्याचा इतिहास. मेनूकार्डावर त्या इतिहासातला जवळपास काहीच भाग येत नाही.

सुरुवात नावापासून करू. ‘बिबिम’ म्हणजे कालवणं, मिसळणं. ‘बाप’ म्हणजे शिजवलेला भात. पण कोरियन भाषेत ‘बाप’चा अर्थ भातापुरता मर्यादित नाही. ‘बाप’ म्हणजे जेवणच. दोन ओळखीची माणसं भेटली की ‘बाप खाल्लंस का?’ असं विचारतात, त्याचा अर्थ ‘कसं काय, बरं आहे ना?’ इतकाच. शीत या शब्दाभोवती आपलं अख्खं घर फिरतं, ते गोव्याच्या माणसाला वेगळं समजावून सांगायला नको. आणि या ‘बाप’मध्ये तांदूळच असला पाहिजे असंही नाही. जवाचं असेल तर बोरीबाप, पाच धान्यांचं असेल तर ओगोक्बाप. हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे त्याच्याकडे यायचं आहे.

बिबिम्बापला हजारो वर्षांची परंपरा आहे असं पर्यटनाची पुस्तकं सांगतात. भातात भाजी कालवून खाण्याला परंपरा कशाला लागते, भूक लागली की पुरते. पण पदार्थ म्हणून, नाव आणि कृतीसकट त्याची नोंद शोधायला गेलं तर आपण थेट एकोणिसाव्या शतकाच्या शेवटाशी येऊन थांबतो. ‘सिउइजॉन्सो’ नावाचं एक पाककृतींचं हस्तलिखित आहे. लिहिणारं कोण, ठाऊक नाही. सांग्जू गावातल्या एका प्रतिष्ठित घराण्यात ते होतं आणि १९१९ च्या सुमारास त्याची नक्कल केली गेली, म्हणून ते आपल्यापर्यंत पोचलं. त्यात या पदार्थाला चिनी अक्षरांत ‘गोल्दोंगबान’ म्हटलं आहे. ‘गोल्दोंग’ म्हणजे जुन्यापान्या, नाना तऱ्हेच्या वस्तूंचा संग्रह. अडगळीच्या खोलीतला भात म्हणा ना!

त्यातली कृती वाचण्यासारखी आहे. भात नीट शिजवावा, मांस मुरवून परतावं, निरनिराळ्या भाज्या परताव्यात, समुद्रातली जाड शेवाळाची पट्टी तळून चुरावी. मग हे सगळं भातात घालून, तिळाची पूड आणि भरपूर तेल घालून कालवावं, आणि कालवलेलं वाडग्यात भरावं. वर अंड्याच्या धिरड्याचे बारीक तुकडे आणि मण्यांएवढ्या मांसाच्या गोळ्या. दोन गोष्टी इथे डोळ्यांत भरतात. एक म्हणजे कालवण्याचं काम स्वयंपाकघरातच उरकलेलं आहे, खाणाऱ्यावर सोपवलेलं नाही. दुसरी म्हणजे आज ज्याच्यावाचून बिबिम्बापची कल्पनाच करवत नाही, ती लाल तिखट गोचुजांग या कृतीत नाही.

भाज्यांच्या राशी रंगानुसार मांडून, फुलासारखा वाडगा समोर आणून ठेवायचा, ही पद्धत मुख्यतः विसाव्या शतकातल्या खानावळींची. पाच रंग म्हणजे पाच दिशा, पंचतत्त्वं वगैरे जे सांगितलं जातं त्याला पूर्व आशियाच्या विचारात खरोखरच जुना आधार आहे, नाही असं नाही. पण गाजर आणि पालक मांडताना गृहिणीच्या डोक्यात ते होतं, यावर माझा फारसा विश्वास नाही. २००९ च्या डिसेंबरात एका जपानी दैनिकाच्या सेऊलमधल्या वार्ताहराने लिहिलं, की हा पदार्थ दिसतो सुंदर, पण खाताना त्याचा लगदा होतो, म्हणजे दाखवायचं एक आणि खायला घालायचं दुसरं. झालं! कोरियात संतापाची लाट उसळली. गंमत म्हणजे जुन्या हस्तलिखिताच्या हिशेबाने पाहिलं तर लगदा हीच मूळ पाककृती आहे, आणि सुंदर मांडणी ही मागाहून आलेली पाहुणी. यात रागावण्यासारखं काय आहे? आपण वरणभात कालवतो तेव्हा त्याचा फोटो काढत नाही.

उगमाच्या कथांना तोटा नाही. जिंजू शहराचे लोक म्हणतात, १५९३ साली जपान्यांनी किल्ल्याला वेढा घातला तेव्हा लढणाऱ्यांना वाढायला बायकांनी सगळं एकत्र कालवलं. जॉन्जूकडे १८९४ च्या दोन्घाक शेतकरी उठावाची कथा आहे: बंडखोरांकडे ताटवाट्या नव्हत्या म्हणून एकाच भांड्यात जेवण झालं. दोन्ही लढाया खऱ्या, वाडग्याचा पुरावा मात्र कुठेच नाही. १९२९ च्या डिसेंबरात ‘ब्योल्गोन्गोन’ नावाच्या मासिकाने गावोगावच्या प्रसिद्ध खाद्यपदार्थांवर लेख छापले. त्यात बिबिम्बापचं कौतुक आहे ते जिंजूच्या. जॉन्जूची ख्याती सांगितली आहे ती सोयाबीनच्या मोडांच्या कढणाची! आज जॉन्जू म्हणजे बिबिम्बापची राजधानी, २०१२ पासून युनेस्कोच्या खाद्यसंस्कृतीच्या शहरांच्या यादीत. शंभर वर्षांच्या आत गादी कशी बदलते ते बघा.

मला त्यातल्या त्यात पटणारी गोष्ट आंदोंगची आहे. आंदोंग म्हणजे कोरियातल्या कर्मठ कन्फ्यूशियन पंडितांचं माहेरघर. तिथे ‘होत्जेसाबाप’ नावाचं जेवण मिळतं. शब्दशः अर्थ, खोट्या श्राद्धाचं जेवण. पितरांना नैवेद्य दाखवून झाल्यावर त्यातल्या भाज्या भातात कालवून घरच्यांनी खायच्या, ही तिथली चाल. त्या जेवणाची चव इतकी आवडायची की श्राद्ध नसतानाही, श्राद्धाचं निमित्त करून लोक ते करवून घेत, अशी आख्यायिका आहे. आख्यायिका सोडा, पण त्या वाडग्यात अजूनही गोचुजांग घालत नाहीत, सोयासॉस घालतात. कारण पितरांच्या पानावर मिरची आणि लसूण वर्ज्य. लाल रंगाने आणि लसणीच्या वासाने पितर दूर पळतात, असं लोक कारण देतात. आपल्याकडेही काही घरांतून श्राद्धाच्या स्वयंपाकाला मिरची चालत नाही, मिरी चालते. धर्म सांगणारा काहीही सांगो, स्वयंपाकघराची स्मृती धर्मशास्त्राहून पक्की असते. पितर ज्या काळात जेवत होते त्या काळात मिरची नव्हती, इतकं ते सरळ आहे.

मग ती आली कुठून? इथे आपल्या गोव्याचा रस्ता लागतो.

मिरची अमेरिकेची, हे आता सर्वांना माहीत आहे. हिंदुस्थानात ती पोर्तुगीजांबरोबर आली, आणि मुंबई इलाख्यात तिला एके काळी ‘गोवाई मिरची’ म्हणत अशी नोंद आहे. १५१० मध्ये गोवा, १५११ मध्ये मलाक्का, १५४३ मध्ये जपानचं तानेगाशिमा बेट, अशा टप्प्यांनी पोर्तुगीज पूर्वेकडे सरकले. फ्रान्सिस झेवियर १५४९ साली गोव्याहूनच जपानला गेला. पुढे तर गोव्याहून निघून मलाक्का आणि मकावमार्गे नागासाकीला दरवर्षी मोठं गलबत जाऊ लागलं. त्या गलबतांच्या पोटात रेशीम, चांदी, बंदुका, क्रूस यांच्यासोबत बीबियाणंही गेलं. १५९२ मध्ये जपानच्या हिदेयोशीने कोरियावर स्वारी केली, आणि सहा वर्षांच्या त्या इम्जिन युद्धाच्या आगेमागे मिरची कोरियाच्या मातीत रुजली असं बहुतेक इतिहासकार धरतात. (काही कोरियन संशोधक अलीकडे मिरची आमच्याकडे त्याआधी कितीतरी शतकांपासून होती असं मांडतात. वनस्पतिशास्त्राला ते मानवण्यासारखं नाही, म्हणून मी त्या वाटेला जात नाही.) याच युद्धात, १५९३ च्या अखेरीस, कोनिशी युकिनागा या ख्रिस्ती जपानी सरदाराच्या छावणीत ग्रेगोरिओ द सेस्पेदेस नावाचा स्पॅनिश जेजुइत कोरियात उतरला. कोरियाच्या भूमीवर आलेला पहिला युरोपीय म्हणून त्याचं नाव घेतात. जपानला जाताना तोही गोव्यावरूनच गेला होता.

कोरियातला मिरचीचा पहिला लेखी उल्लेख १६१४ सालचा. यी सुग्वांग या विद्वान अधिकाऱ्याच्या ‘जिबोंग युसोल’ या ग्रंथात तिला ‘जपानी मोहरी’ म्हटलं आहे. ती जहाल विषारी आहे, जपानहून आली, हल्ली ठिकठिकाणी लावतात, आणि गुत्तेवाले ती सोजू नावाच्या दारूत मिसळून विकतात. ती पिऊन बरेच जण मेले, असं तो लिहितो. म्हणजे आज ज्या मिरचीशिवाय कोरियाचं पान हलत नाही, तिची तिथली पहिली ख्याती ही अशी! ती रोजच्या जेवणात शिरायला पुढे शंभराहून अधिक वर्षं लागली. १७६६ च्या एका शेतीविषयक ग्रंथात मिरची, सोयाबीन आणि चिकट तांदळाच्या पिठापासून गोचुजांग करण्याची कृती येते. आपल्याकडे ती आल्या आल्या आमटीत पडली की तिलाही वाट पाहावी लागली, हा स्वतंत्र लेखाचा विषय आहे.

आता धान्याकडे. मेनूकार्डावर ‘मिश्र धान्य’ असं मोठ्या अभिमानाने लिहिलेलं असतं. कोरियातल्या साठी-सत्तरीच्या माणसाला विचारा, त्याच्या मनात हे शब्द ऐकून काय येतं.

सणाची बाजू आधी सांगतो, कारण ती गोड आहे. चांद्रवर्षाच्या पहिल्या पौर्णिमेला, म्हणजे जोंगवोल देबोरुमला, ओगोक्बाप करतात. चिकट तांदूळ, राळे, जोंधळे, काळे सोयाबीन आणि आपल्या अळसाण्यांच्या नात्यातला एक बारीक तांबडा दाणा. सोबत मागच्या उन्हाळ्यात वाळवून ठेवलेल्या नऊ तऱ्हेच्या भाज्या, भिजवून परतलेल्या. आपण पावसाळ्यासाठी पुरुमेंत करतो, ते हिवाळ्यासाठी करतात, एवढाच फरक. वेगळ्या आडनावाच्या तीन घरांतला ओगोक्बाप खाल्ला तर वर्ष चांगलं जातं असा समज, त्यामुळे त्या दिवशी वाडगे घराघरांतून फिरत. ज्याच्या घरी पाच धान्यं नसत त्याच्याही पोटात ती पडत, हा त्या समजुतीचा खरा उपयोग असावा.

दुसरी बाजू ‘बोरित्गोगे’ची. शब्दाचा अर्थ जवाची खिंड. शरदात कापलेला तांदूळ खंड, कर्ज आणि कर देऊन वसंतापर्यंत संपायचा, आणि शेतातले जव तयार व्हायला जूनचा महिना उजाडायचा. मधले ते दोन-तीन महिने म्हणजे चढून पार करायची खिंड. या दिवसांत डोंगरावरच्या रानभाज्या, मुळं, पाइन झाडाची आतली साल, जे मिळेल ते उकडून खात. आज वाडग्यात ज्याला कौतुकाने ‘नामुल’ म्हणतात, त्या रानभाज्यांतल्या कितीतरी या खिंडीतल्या सोबतिणी आहेत. नेच्याचे कोवळे कोंब तर तसेच खाल्ले तर विषारी. उकडून, पाणी बदलून, वाळवून मगच खाता येतात. इतका खटाटोप करून नेचा खायला माणूस हौसेने शिकत नाही. पहिल्या पावसात आपण तायकिळो खुडतो, त्यातली मजा आपल्याला दिसते; तो खुडायला सुरुवात का झाली असेल ते आपण विसरलो आहोत.

जपानी अमलात, १९१० ते १९४५, ही खिंड आणखी उंच झाली. १९१८ साली जपानात तांदळावरून दंगली झाल्या, आणि १९२० पासून कोरियात तांदळाचं उत्पादन वाढवण्याची मोठी सरकारी योजना आली. उत्पादन वाढलंही, पण ते बोटीत भरून जपानला गेलं. कोरियन शेतकऱ्याच्या पोटासाठी मांचुरियाहून राळे आणले गेले. तांदूळ पिकवणारा राळे खातो, असा तो उलटा हिशेब.

स्वातंत्र्य आलं, देशाचे दोन तुकडे झाले, १९५० ते ५३ युद्ध झालं. दक्षिणेत तांदूळ पुरेना. तेव्हा पार्क चुंग-ही यांच्या राजवटीने मिश्र धान्य आणि पीठ खाण्याची मोहीम हाती घेतली, आणि ती नुसत्या आवाहनावर ठेवली नाही. १९६९ पासून बुधवारी आणि शनिवारी दुपारी खानावळींत भात विकायला बंदी आली. शाळेत जेवणाच्या सुट्टीत मास्तर डबे उघडायला लावून भातात पुरेसे जव आहेत की नाही ते तपासत. पांढरा भात आणला तर शिक्षा! सरकारचा डोळा चुकवायला काही आया खाली पांढरा भात आणि वर जवाचा पातळ थर लावून देत, अशा आठवणी त्या पिढीचे लोक आजही सांगतात. माक्गोली ही तांदळाची दारू तांदळापासून करायलाही १९७७ पर्यंत बंदी होती, ती अमेरिकन गव्हाच्या पिठाची होऊ लागली. हा गहू ज्या पीएल-४८० कायद्याखाली आला, त्याच कायद्याखाली तो आपल्याकडेही येत होता. १९६५ मध्ये लालबहादूर शास्त्रींनी सोमवारी रात्रीचं जेवण सोडायला सांगितलं, ते लोकांनी मनापासून मानलं. १९७२ च्या दुष्काळात महाराष्ट्राने परदेशी तांबडा मिलो खाल्ला, त्याच्या आठवणी अजून कडू आहेत. डबे तपासण्यापर्यंत मात्र आपली मजल गेली नाही, आणि हे बरंच झालं.

या टंचाईतून कोरियाला बाहेर काढलं ते ‘तोंगिल’ नावाच्या तांदळाने. फिलिपाइन्समधल्या आंतरराष्ट्रीय भात संशोधन संस्थेत केलेला हा संकर. ‘तोंगिल’ म्हणजे एकीकरण; दोन कोरियांचं एकीकरण होईल तेव्हा होईल, भाताचं तरी झालं! लांब दाण्याची इंडिका आणि आखूड चिकट जपोनिका यांना त्यात एकत्र आणलं होतं. १९७२ पासून तो शेतात गेला, आणि १९७७ मध्ये तांदळाच्या बाबतीत देश स्वयंपूर्ण झाल्याचं जाहीर झालं. याच्या पूर्वजांत तैचुंग नेटिव्ह-१ ही तैवानची बुटकी जात आहे. आपल्या शेतकऱ्यांनी वर्षानुवर्षं लावलेल्या ‘जया’ भाताची एक जनक जात तीच. म्हणजे आपली जया आणि त्यांचा तोंगिल नात्याने सावत्र भावंडं. पण कोरियन जिभेला तोंगिल कधी रुचला नाही. मोकळा, कोरडा, हाताला न चिकटणारा. १९८० चा उन्हाळा थंड गेला तेव्हा पीक बुडालं, आणि पोट भरल्यावर लोकांनी त्याला निरोप दिला.

१९७० मध्ये दक्षिण कोरियातला माणूस वर्षाला सरासरी १३६ किलो तांदूळ खात होता. २०२४ मध्ये तो आकडा ५६ किलोच्याही खाली आला आहे. आणि आता जवाचा भात मिळणाऱ्या खास खानावळी आहेत. कोवळ्या मुळ्याची किमची आणि चमचाभर गोचुजांग घालून बोरीबाप कालवायचा, पैसे मोजून. काही म्हातारी माणसं तिकडे फिरकत नाहीत. लहानपणी इतके जव खाल्ले की आता नको, असं म्हणतात. त्यांचं मला पटतं. नाचणीची भाकरी पौष्टिक म्हणून ताटात येते तेव्हा आपल्याकडच्या काही आज्याही तोंड वाकडं करतात, ते चवीमुळे नव्हे.

हे सगळं मनात ठेवून मी घरी जो वाडगा करतो, त्याला ‘बिबिम्बाप’ म्हणत नाही, कोरियाच्या धर्तीचा म्हणतो. उकड्या तांदळाचा मोह आवरतो, कारण तो मोकळा होतो आणि इथे दाणे एकमेकांना धरून राहायला हवेत. दोन वाट्या सुरय तांदूळ, अर्धी वाटी राळे, पाव वाटी जोंधळे. जोंधळे रात्रभर भिजवून कुकरला आधी वेगळे शिजवावे लागतात, नाहीतर दाताखाली खडे येतात. मूठभर अळसाणे भिजवून, अर्धवट उकडून तांदळातच टाकतो. पाणी नेहमीपेक्षा किंचित जास्त.

भाज्यांचं एकच पथ्य आहे, आणि ते कोरियन गृहिणी कसोशीने पाळते: प्रत्येक भाजी वेगळी करायची. पालक उकळत्या पाण्यातून नुसता काढून, पिळून, मीठ आणि तिळाचं तेल. काकडीला मीठ लावून पाणी काढायचं. गाजर बारीक उभं चिरून परतायचं. सोयाबीनच्या मोडांऐवजी मी मोड आलेले मूग घेतो, वाफेवर दोनच मिनिटं. पावसात अळमी मिळाली तर काय विचारता, पण त्यांचे भाव बघता बटण अळंब्यांवर भागवतो. तीळ खमंग भाजून कुटायचे. पंचवीस मिनिटांचं काम आहे, पण भांडी पुष्कळ घासावी लागतात हे आधीच सांगून ठेवतो.

गोचुजांगला पर्याय नाही. तिखट, मिसो आणि गूळ कालवून तशी चव येते असं जे सांगतात त्यांनी ती चाखलेली नसावी. मिरचीपूड, चिकट तांदूळ, सोयाबीनच्या आंबवलेल्या ढेपेची भुकटी, मोड आलेल्या जवाचं पीठ आणि मीठ एवढं सगळं मातीच्या रांजणात महिनोन्‌महिने मुरतं, तेव्हा ती खोल, गोडसर, तिखट चव येते. या सगळ्या ‘जांग’ घालण्याच्या परंपरेला २०२४ च्या डिसेंबरात युनेस्कोने मानवजातीच्या वारशात जागा दिली. डबा आता शहरातल्या मोठ्या दुकानांतून मिळतो. एक मोठा चमचा गोचुजांग, अर्धा चमचा तिळाचं तेल, किंचित गूळ आणि माडाच्या सुरेचा विनागर. विनागर घातलेलं गोचुजांग कोरियातही असतं, त्यामुळे ही काही माझी लबाडी नाही. फक्त माड माझा.

दगडी वाडगा आपल्याकडे नसतो. मी बिडाचा जाड तवा तापवून, तेलाचं बोट फिरवून त्यावर भात पसरतो आणि आच मंद करून दहा मिनिटं हात लावत नाही. खाली लालसर खरवड धरते, तिला तिकडे ‘नुरुंजी’ म्हणतात. वर भाज्या, अर्धकच्चं अंडं, लाल गोळा, आणि मग काही न बघता लगदा. चमच्याने कालवायचं, काड्यांनी नव्हे. शेवटी तव्याला जी खरवड चिकटून उरते तिच्यावर गरम पाणी ओतून पाच मिनिटं उकळू द्यायचं. भाजल्या भाताच्या वासाचं ते पाणी, सुंग्न्युंग, कोरियात जेवणानंतर पितात. पेजेवर वाढलेल्या माणसाला ते कसं लागतं हे विचारायची गरज नाही. चिमूटभर मीठ मात्र मी माझ्या पदरचं घालतो.